म्बासेला

कसुंबलेसाच्या सीमेवर
काँगो संपतो, ट्रकांची रांग संपत नाही.
तिथल्या पत्र्याच्या खोलीत मी बसते.
समोर लाल आकडे, हाताशी शिक्का.
काट्यावर तांब्याच्या थप्प्या येतात,
कोबाल्ट येतं पांढऱ्या पोत्यांतून,
आणि मी लिहिते : भरलेला इतका, रिकामा इतका,
वजाबाकी करून उरतो तो देश.

माझे बाबा पूर्वेकडच्या रुळांवर होते.
निळ्या टोप्यांची माणसं आली होती तेव्हा, फार लांबून.
आमच्यासारखीच तंबूत राहिली,
आमच्यासारखीच हिवतापाने फणफणली.
बाबांना त्यांची तीनच वाक्यं यायची :
उचल. थांब. चहा घेणार?
तिसरं ते शेवटपर्यंत विसरले नाहीत.
त्यांनी दिलेला एनॅमलचा मग अजून घरात आहे,
बुडाशी टवका उडालेला. आई त्यात मीठ ठेवते.
हे मुद्दाम सांगते,
सगळंच काही खोटं नव्हतं.

आता ज्याला त्याला आमची काळजी.
एकाच महिन्यात तीन शिष्टमंडळं आली.
कुणी म्हणालं रस्ता, कुणी म्हणालं बंदर,
कुणी पश्चिमेकडून नवे रूळ आणतो म्हणालं,
जुने पूर्वेकडे जातात ना, म्हणून.
दर वेळी शाळा सोडून पोरं उन्हात उभी.
माझी भाची बुपे कागदी झेंडे चिकटवते :
रात्री जुना कागद भिजवून सोडवायचा,
सकाळी नवा डकवायचा.
काड्या त्याच.
मधल्या शिष्टमंडळाच्या वेळी एका काडीवर
आधीच्या झेंड्याचा कोपरा राहून गेला होता.
पाहुण्यांनी पाहिला,
हसले, आणि दुसऱ्या दिवशी
शाळेला चाळीस संगणक आले.
वीज अजून यायची आहे.

जगात सगळीकडे
कागदावर वजन ठेवलं की कागद जागचा हलत नाही.
आमच्या कचेरीत ठेवल्याशिवाय हलत नाही.
म्विनिम्वुआ हे गेली सतरा वर्षं जाणतो.
दार-एस-सलामपर्यंत त्याची आठ दिवसांची वाट,
त्यातले चार या रांगेत.
परवा खिडकीत वाकून म्हणाला,
ताई, तुमच्या या आकड्याचे पैसे किती होतात?
मी म्हटलं, ते मी झोपलेली असताना ठरतं,
समुद्रापलीकडच्या एका शहरात.
तिथे माझ्यासारखी कुणी बसत असेल का,
त्याने विचारलं.
मागच्या ट्रकने भोंगा दिला.

आई बाजारात सुकी कपेंटा विकते.
अक्षरओळख नाही, पण मापात पाप नाही.
डबा शिगोशीग भरला, गिऱ्हाईकाने पैसे मोजले,
की वर एक मूठ टाकते. म्बासेला.
मागावी लागत नाही, लिहिलेली नसते,
आणि ती टाकली नाही
तर गिऱ्हाईक पुन्हा येत नाही.
करारांच्या बातम्या रेडिओवर लागतात तेव्हा
आई मासे निवडता निवडता एवढंच विचारते,
वर काय टाकलं?
निवेदक पुढच्या बातमीकडे वळलेला असतो.

पहाटे पाळी सुरू करताना
काटा शून्यावर आणावा लागतो.
वर कुणीच नसतं, तरी आकडा वीस दाखवतो,
कधी चाळीस.
रात्रभरच्या चाकांतून गळलेली माती असते ती,
तांबूस, मधूनच हिरवट.
हिला पाठवणारा नाही, घेणारा नाही,
पावतीवर हिचा रकाना नाही.

मी झाडू घेते. घमेल्यात भरते.
खोलीमागे बुपेने भोपळ्याच्या बिया टोचल्यात,
तिथे ओतू की नको, रोज ठरवत नाही.
ढीग कंबरेएवढा झालाय.
मग आत येऊन बसते,
लाल शून्य नीट बघून घेते,
आणि पहिल्या ट्रकला हात करते, ये.